अनेश्काची आई

प्रागमध्ये नटीचं वय चर्चमधल्या जन्मनोंदीवरून कोणी मोजत नाही, थिएटरच्या करारावरून मोजतात. हर्मिना सोखोरोवा चाळिशी ओलांडून बसली होती, पण लीपा थिएटरच्या करारात तिच्या नावापुढे अजून ‘नायिका’ असंच लिहिलेलं होतं. म्हणजे थिएटरच्या हिशेबाने ती बाविशीची. प्रत्येक थिएटरात खुर्च्या ठरलेल्या असायच्या. एक अल्लड मुलगी, एक नायिका, एक आई, एक विनोदी म्हातारी. नायिकेच्या खुर्चीवरून आईच्या खुर्चीवर जायला एक सही पुरते. आईच्या खुर्चीवरून उठून परत नायिका झालेली बाई मात्र लीपाच्या जन्मापासून कोणी पाहिलेली नव्हती.

हर्मिनाची खुर्ची टिकली होती ती एका भूमिकेवर. ‘पाणचक्कीवरची अनेश्का’ हे नाटक लीपाचं हुकमी. तिसऱ्या अंकात अनेश्का कायमचं घर सोडते आणि उंबऱ्यावर उभ्या आईचा निरोप घेते. त्या निरोपाच्या आधीच बायका पर्समधून रुमाल काढून मांडीवर ठेवायच्या, जेवणाआधी चमचे मांडावेत तसे. सर्वात वरच्या गॅलरीत विद्यार्थी उभ्याने नाटक बघायचे, चरबी लावलेला पाव खात. तेही त्या वेळी चावायचं थांबत. कारण हर्मिनाचा आवाज. खालच्या पट्टीतला, जरा धुरकट, आणि कितीही हळू बोलली तरी गॅलरीच्या मागच्या भिंतीला हात लावून येणारा.

महायुद्ध संपलं, नवं प्रजासत्ताक आलं, आणि थिएटरचे संचालक क्विचाला हंगामाच्या शेवटच्या दिवशी सगळ्यांसमोर म्हणाले, “पुढच्या वसंतात अनेश्का पुन्हा उभी करतोय. नव्या देशाला रडायला काहीतरी चांगलं हवं.”

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. अनेश्का कोण करणार ते क्विचाला बोलले नाहीत. पूर्वी ते बोलायची गरजच नसे, आणि आता त्यांनी बोलायचं टाळलं. हा फरक हर्मिनाला बरोबर कळला. तिची वेशभूषा सांभाळणारी बाबेटा तेवढी जवळ होती. ती म्हणाली, “बाई, संचालक तुमच्याकडे बघत नव्हते, तुमच्या मानेकडे बघत होते.”

“मान चांगली आहे माझी.”

“आहे की. पण झाकली की जास्त चांगली दिसते.”

अशा मनःस्थितीत तिला वोयतेख हाबर भेटला. हाबर आधी लग्नांचे फोटो काढायचा, आता सिनेमे काढत होता. पैसा होता झिश्कोव्ह पेठेतल्या कुबित्सेचा. कुबित्से धुरी दिलेल्या सॉसेजचा मोठा व्यापारी, विधुर, आणि स्वतःच्या नावाची पाटी दुकानाबाहेर आणखी कुठेतरी लागावी अशी हौस असलेला. उन्हाळ्यात थिएटर बंद आणि पगारही बंद, त्यामुळे करारात मनाई असूनही अर्धी नटमंडळी खोट्या नावाने सिनेमात तोंड दाखवून यायची. क्विचालांनाही ते ठाऊक होतं. पडद्यावर ओळख पटली नाही की गुन्हाही घडला नाही, असा त्यांचा न्याय.

हाबर कॅफेत तिच्या समोर बसला आणि त्याने पहिला प्रश्न विचारला, “बाई, तुमच्याकडे संध्याकाळचे पोशाख किती आहेत?”

“तुम्हाला नटी हवी आहे की कपाट?”

“कपाटासकट नटी मिळाली तर देवाची कृपा.” तो हसला. “रागावू नका. थिएटरातल्या बायका स्वतःचे पोशाख स्वतः शिवून घेतात, हे सगळं गाव जाणतं. माझ्या नायिकेला सात वेळा कपडे बदलायचेत आणि कुबित्से म्हणतो, मी कापडाचा नाही, मांसाचा व्यापारी आहे.”

पण त्याने ‘नायिका’ हा शब्द उच्चारला होता, आणि हर्मिनाला पुढचं ऐकू आलं नाही. तिचा हिशेब सरळ होता. शहरभर पडद्यावर नायिका म्हणून झळकली, तर क्विचाला वसंतात कोणत्या तोंडाने तिला आई करणार होते? नाव खोटं, पण चेहरा तर खरा. क्विचाला कानाडोळा करतील, लोक करणार नाहीत.

चित्रीकरण कुबित्सेच्या बागेत होतं. तीन भिंतींचा दिवाणखाना उघड्यावर उभा केलेला, वर छत नाही, कारण उजेड सूर्याचाच वापरायचा. वारा आला की टेबलक्लॉथ फुगायचा, आणि मागच्या धुरीघराचं दार उघडलं की दिवाणखान्यात धूर शिरायचा. हर्मिनाने रंगमंचावर करते तसा मेकअप केला, गालांवर झकास लाली चढवली आणि हाबरने सांगितलं तशी चालली, वळली, हसली.

चार दिवसांनी सगळे एका सिनेमागृहात भर दुपारी ती नमुन्याची फिल्म बघायला बसले. पडद्यावर एक बाई चालत आली. तिच्या गालांवर दोन काळे खड्डे होते. लाल रंग फिल्मवर काळा उठतो, आणि निळा पांढरा. हे हाबरला ठाऊक होतं, पण थिएटरातल्या बाईला मेकअप काय शिकवायचा, म्हणून तो बोलला नव्हता. गालांचं धुऊन निघालं असतं. डोळ्यांचं काय करणार? ज्या फिकट निळ्या डोळ्यांवर टीकाकारांनी बाटलीभर शाई खर्च केली होती, ते पडद्यावर साफ पांढरे होते. बुबुळंच नाहीत.

कुबित्से अंधारात म्हणाला, “अरे देवा. ही बाई आहे की नाताळचा उकडलेला कार्प मासा?”

कोणी हसलं नाही, आणि त्यामुळे जास्तच ऐकू आलं.

बाहेर आल्यावर हाबरने टोपी हातात घेतली. “बाई, असं करू. नायिका कुबित्सेची मुलगी करेल. स्लावका. तपकिरी डोळे आहेत, वय एकोणीस. तुम्ही तिच्या आईचं काम करा. आईच्या डोळ्यांत कोण बघतं?”

“मी आई करत नाही.”

“छोटी भूमिका आहे हो. दोन दृश्यं, एक मरण.”

“मेले तरी करणार नाही,” हर्मिना म्हणाली.

पण पोशाखांचं भाडं ठरलं होतं, ते तिने मोडलं नाही. पोशाख बागेत गेले, आणि पोशाखांबरोबर तीही रोज जाऊ लागली. कारण पहिल्याच दिवशी तिच्या मोतिया रेशमावर कुणीतरी सॉसेजचं तेल सांडलं होतं. ती कॅमेऱ्याच्या बाजूला खुर्ची टाकून बसायची आणि आपल्याच पोशाखात फिरणाऱ्या त्या मुलीला बघायची. मुलगी वाईट नव्हती. ओंडक्यासारखी होती, पण गोड ओंडका. चाल म्हटलं की चालायची, बस म्हटलं की बसायची. फक्त तिला रडता येत नव्हतं.

आणि सिनेमा तर रडण्याचाच होता. हाबरने कांदा आणला. तिचं नाक लाल झालं, म्हणजे फिल्मवर काळं. कोपऱ्यावरच्या बिअरगृहातून व्हायोलिनवाला आणला. त्याला दुःखी काही वाजव म्हटलं तर तो वाजवता वाजवता स्वतःच रडू लागला आणि स्लावका त्याला बघून हसू लागली. कुबित्से ओरडला, “गाढवे, तुझी कुत्री मेली तेव्हा कशी रडलीस? तसं रड!”

“कुत्री म्हातारी होती, बाबा,” स्लावका शांतपणे म्हणाली. “सुटली बिचारी.”

ऊन कलत होतं. रेशीम चुरगळत होतं. हर्मिना वैतागून उठली, कॅमेऱ्याला खेटून, मुलीपासून हातभर अंतरावर उभी राहिली आणि अनेश्काचा निरोप बोलू लागली. मोठ्याने बोलायचं कारणच नव्हतं. कानात सांगावं तशी बोलली. “आई, दार लोटून घेऊ नकोस. मी परत येणार नाही, पण तू लोटून घेऊ नकोस...”

स्लावकाचा चेहरा आधी रिकामा झाला. मग हनुवटी हलली, आणि एक टपोरा थेंब, कसलीही घाई न करता, गालावरून खाली आला. हाबर श्वास रोखून कॅमेऱ्याचा दांडा फिरवत राहिला.

त्या दिवसापासून उन्हाळाभर तेच. ‘बाई, जरा या हो,’ अशी हाक यायची आणि हर्मिना येऊन मुलीच्या तोंडाशी उभी राहून तो निरोप बोलायची. कधी सुरुवात, कधी शेवट, कधी मधलंच दाराचं वाक्य. मूकपटात तिच्या त्या आवाजाचा हा उपयोग! हाबरने मान दिला तो शब्दांत. “बाई, पुढचं चित्र तुमचं. नायिका. जर्मनीहून पिवळी काच मागवतोय, ती लावली की निळे डोळे काळेभोर दिसतात.”

“शब्द?”

“हाबरचा शब्द म्हणजे पोलाद.”

लढाईनंतर पोलाद कुठे मिळत नव्हतं, हे तिने लक्षात घ्यायला हवं होतं.

शरद ऋतूत चित्र लागलं आणि चाललं, म्हणजे चांगलंच चाललं. लोक तिकिटासाठी गल्लीच्या टोकापर्यंत उभे राहिले. वर्तमानपत्रांनी लिहिलं की झेक पडद्याला आता स्वतःचे अश्रू लाभले आहेत. हर्मिना एका दुपारी बुरखेदार टोपी घालून मागच्या रांगेत जाऊन बसली. पियानोवाला भलत्याच जागी उडत्या चालीचा पोल्का वाजवत होता. पडद्यावर स्लावकाचा चेहरा घराएवढा मोठा होता आणि हर्मिनाला एकेक थेंब ओळखू येत होता. हा ‘दार लोटून घेऊ नकोस’वरचा. हा ‘तुझ्या हातच्या पिठाचा वास’वरचा. हा तर तिने थकून वाक्य अर्धंच सोडलं होतं तेव्हाचा. शेजारची बाई हुंदका देत म्हणाली, “काय ग बाई मुलगी! हे शिकवून येत नाही हो.”

“नाही ना,” हर्मिना म्हणाली.

हाबरला तिने कॅफेत गाठलं. पिवळी काच आली नव्हती. पुढचं चित्र मात्र ठरलं होतं, नायिका स्लावका. “पण तुम्ही हव्यातच, बाई,” हाबर म्हणाला. “तुमच्याशिवाय ती रडते कुठे? आवाज तेवढा घेऊन या. आणि ते मोतिया रेशीम.”

तिने कॉफी तशीच ठेवली आणि उठली. अजून अनेश्का होती. सिनेमा गेला खड्ड्यात, तिची खुर्ची थिएटरात होती.

फेब्रुवारीत क्विचालांनी तिला खोलीत बोलावलं. खोली म्हणजे टेबल, दोन खुर्च्या आणि लोखंडी शेगडी. एका खुर्चीत स्लावका बसलेली, मांडीवर हातमोजे, कान लाल.

“सोखोरोवाबाई, या, या!” क्विचालांचे डोळे ओले होते. “ह्या मुलीने आत्ता मला अनेश्काचा निरोप म्हणून दाखवला. इथे, टेबलापलीकडे बसून. मी रडलो. मी! मी विचारलं, कुणाकडे शिकलीस? तर तुमचं नाव. धन्य आहात तुम्ही. कोणती नटी आपल्या हाताने आपली वारस घडवते?”

हर्मिनाने मुलीकडे बघितलं. मुलीने निरागस आनंदाने मान हलवली. ऐकून ऐकून पाठ झालं होतं तिला, पोपटाला होतं तसं. थांबे, श्वास, दारावरचा तो बारीक कंप, सगळं.

“तिकिटं आत्ताच मागताहेत लोक,” क्विचाला म्हणाले. “कुबित्सेसाहेबांनी दोन खासगी बॉक्स आख्ख्या हंगामासाठी घेतलेत. तुम्ही आई कराल. मोठी भूमिका आहे. आख्खा निरोप तुमच्याकडे बघूनच तर आहे.”

“मी आई करत नाही.”

क्विचालांनी शेगडीचं दार पायाने लोटलं. “मग जूनमध्ये तुमचा करार संपतो, बाई. मी काही म्हणत नाही, कॅलेंडर म्हणतं.”

तिने हो म्हटलं. बाबेटाला नंतर सांगितलं, “एका नाटकापुरतं.”

“हो ना,” बाबेटा म्हणाली, “सगळ्या आया असंच म्हणतात.”

तालमी मागच्या तालीमखोलीत झाल्या. खोली एवढी, की खिडकीतल्या माणसाने शिंकलं की दारातला रुमाल शोधायचा. तिथे स्लावका हर्मिनासमोर, हातभर अंतरावर, निरोप बोलायची आणि सगळ्यांच्या अंगावर काटा यायचा. पहिल्याच तालमीत हर्मिनाच्या ध्यानात आलं. मुलगी कानात सांगावं तशीच बोलत होती. तिने तो निरोप एकाच ठिकाणी ऐकला होता, कॅमेऱ्याच्या बाजूला, आणि तो असाच ऐकला होता. तिला वाटत होतं, हा निरोप एवढ्याच आवाजाचा आहे. अनेश्का रंगमंचावर करताना हर्मिनाच्या बरगड्या कशा फुगतात, कमरेचा पट्टा कसा करकरतो, हे त्या पोरीने कधी पाहिलंच नव्हतं. ती कुबित्सेची मुलगी, लहानपणी नाटकाला गेली ती बॉक्समध्ये, आणि बॉक्समध्ये सॉसेज खात बसली.

हर्मिना सांगणार होती. खरंच. दुसऱ्या तालमीनंतर तोंड उघडलंही होतं, तेवढ्यात क्विचाला म्हणाले, “मुली, तू बोलतेस तेव्हा मला वाटतं, आजवर आपण सगळे उगाच ओरडत होतो.” हर्मिनाने तोंड मिटलं.

रंगीत तालीम तेवढी रंगमंचावर असते. पण रंगीत तालमीला मुख्य नटांनी आवाज राखायचा, ओठांतल्या ओठांत बोलून नुसत्या जागा दाखवायच्या, ही थिएटरची जुनी रीत. उद्याच्या प्रेक्षकांचा आवाज आज रिकाम्या खुर्च्यांवर कशाला उधळायचा? पडदा वर जायच्या आधी स्लावकाने हर्मिनाची बाही धरली. “बाई, केवढं मोठं आहे हे! मी कसं बोलू?”

“आज आवाज राखायचा. सगळ्या नायिका राखतात.”

“आणि उद्या?”

“उद्या तुला माझ्याकडे बघूनच बोलायचंय. बागेत मी बोलायचे तसं.”

यातला एक शब्दही खोटा नव्हता. क्विचाला तिसऱ्या रांगेत बसून ऐकत होते. ते सहायकाला म्हणाले, “बघ, कशी राखतेय. जन्मजात आहे.”

पहिल्या प्रयोगाला थिएटर काठोकाठ भरलं. पहिले दोन अंक गर्दी, गाणी, जत्रा यांवर निभावले. लोक स्लावकाचा चेहरा ओळखूनच खूश होते. तिसऱ्या अंकात रंगमंच रिकामा झाला. उंबऱ्यावर आई, समोर अनेश्का. खाली रुमाल निघाले.

स्लावका बोलू लागली. सुंदर बोलली, हर्मिनाने त्या बागेतही इतकं सुंदर ऐकलं नव्हतं. पाचव्या रांगेपर्यंतच्या लोकांनी पुढे वाकून कान लावले. सहाव्या रांगेपासून मागे फक्त एक तोंड हलत होतं. सिनेमात हलायचं तसंच, पण इथे मध्येच संवाद लिहिलेली पाटी येणार नव्हती.

“मोठ्याने!” गॅलरीतून आवाज आला.

मुलगी दचकली. पुढचं वाक्य आणखी हळू आलं.

“अहो ताई, पियानोवाला आणायचा राहिला का?” हशा पिकला. बॉक्समधून कुबित्से उभा राहून ओरडला, “गप्प बसा, हलकटांनो!” आणि ते मात्र मागच्या भिंतीपर्यंत स्पष्ट ऐकू गेलं, म्हणून हशा दुप्पट.

स्लावका हर्मिनाकडे बघत होती. रडत होती ती, कुणी न रडवता. पण तेवढे अश्रू बघायला पडदा घराएवढा लागतो.

हर्मिनाने या क्षणाची तालीम आठवडाभर मनात केली होती. आता कुणीतरी तिचं नाव घेईल. सोखोरोवाला द्या अनेश्का, असं ओरडेल. आपण नम्रपणे खाली बघू. इथपर्यंत तिने ठरवलं होतं. पण आधी नाटक पुढे न्यायला हवं होतं, म्हणून तिने आईचं वाक्य टाकलं. “जा पोरी. दार उघडंच आहे.”

एवढंच वाक्य. ते गॅलरीच्या मागच्या भिंतीला हात लावून आलं. मग वरून कुणीतरी ओरडलं, “बघा! आईला येतंय बोलायला!” दुसरा म्हणाला, “आईलाच म्हणू दे सगळं!” आणि मग सगळी गॅलरी पाय आपटत एका ठेक्यात मागू लागली, “आई! आई! आई!”

तिला वंदनासाठी पाच वेळा पडद्याबाहेर यावं लागलं. दर वेळी तोच गजर.

नंतर वेशखोलीत स्लावका पोशाखासकट येऊन दारात उभी राहिली. डोळ्यांतलं काजळ गालांवर उतरलं होतं.

“तुम्हाला ठाऊक होतं.”

हर्मिना आरशातून बघत पावडर पुसत राहिली. “होतं.”

“माझी आई मला आठवतसुद्धा नाही. तुम्ही बागेत तसं बोलायच्या ना, मला वाटायचं...” तिने बाहीने गाल पुसला. मग म्हणाली, “मला वाटायचं, ते तुम्ही मलाच म्हणताय.”

बाबेटाने उगाच एक पेटी उघडली आणि बंद केली. मुलगी गेली. तिचं फारसं बिघडलं नाही. हाबरने लगेच तिला घेऊन व्हिएन्नात दोन चित्रं केली. तिथे तिला कोण रडवत होतं, कोण जाणे.

वर्तमानपत्रं दयाळू होती. नव्या नटीबद्दल दोन ओळी आणि सोखोरोवाबद्दल अर्धा स्तंभ. ‘इतकी वर्षं आपण या बाईंना तरुण मुलींच्या कपड्यांत कोंडून ठेवलं होतं. काल त्यांना त्यांची खरी जागा सापडली, आणि आपल्या रंगभूमीला एक थोर आई.’ क्विचालांनी ते कापून नोटीसफलकावर लावलं. जूनमध्ये नवा करार पुढे सरकवताना ते इतके प्रसन्न होते, की त्यांनी स्वतः दौतीचं झाकण काढून दिलं. सात वर्षांचा करार. तिला आजवर कोणी सात वर्षांचा दिला नव्हता.

“आणि अनेश्का?” तिने विचारलं.

“प्लझेन्यहून एक मुलगी आणलीय. तुम्ही जरा बघा तिच्याकडे. तुम्हाला मुली घडवता येतात.”

तिने सही केली. सप्टेंबरात पहिली तालीम झाली ती थेट रंगमंचावर. क्विचाला एकदा पोळले होते. प्लझेन्यची मुलगी आडव्या हाडाची होती आणि जरा अडाणी दिसत होती. ती हर्मिनासमोर येऊन उभी राहिली, कमरेवर हात ठेवून तिने श्वास भरला, आणि निरोप सुरू केला. गॅलरीत झाडू मारणाऱ्या बाईने झाडू थांबवून खाली बघितलं.

“काही सांगायचंय का, बाई?” क्विचालांनी खालून विचारलं.

हर्मिनाने त्यात बराच वेळ खोट शोधली.

“नाही,” ती म्हणाली. “चांगलं ऐकू येतंय.”